लादलेले लग्न आणि मागून आलेले प्रेम



कादंबरीवाङ्मयात एक कथानक असे आहे, की ते गेली पावणेतीनशे वर्षे प्रत्येक पिढी नव्याने सांगत आली आहे आणि प्रत्येक पिढीतील टीकाकार त्याला नावे ठेवीत आले आहेत. एका मुलीचे तिच्या मनाविरुद्ध लग्न लागते, किंवा तिला पळवून नेऊन कोठे तरी डांबून ठेवण्यात येते. ज्याच्या घरी ती अशी येऊन पडते, त्या पुरुषाचा तिला प्रथम तिटकारा असतो. पुढे प्रसंगाप्रसंगाने तिचे मन वळत जाते आणि शेवटच्या प्रकरणात ती त्याच्यावर अनुरक्त झालेली आपल्याला दिसते. फिरत्या वाचनालयांत ज्या पुस्तकांची पाने सुटलेली आणि पाठीचा कणा मोडलेला असतो, त्यांत या जातीची पुस्तके पुष्कळ असतात. ती नेणाऱ्या बहुतेक स्त्रियाच असतात. टीकाकार म्हणतात, ही पुस्तके मुलींना परस्वाधीनतेची गोडी लावतात. वाचक या बोलण्याकडे लक्ष देत नाहीत आणि पुढचे पुस्तक घेऊन जातात.

या दोघांपैकी कोणाची बाजू घेण्यापूर्वी ही पुस्तके वाचण्याची एक साधी रीत सुचवावी, एवढाच आजच्या भाषणाचा हेतू आहे. अशी कथा हाती आली म्हणजे नायकाचे भेदक डोळे आणि नायिकेचे अश्रू थोडा वेळ बाजूला ठेवावेत, आणि तिला परत जाण्याची मोकळीक कोणत्या पानावर मिळते, ते शोधावे. ते पान सापडले, तर तिच्यासाठी दार उघडल्यावर बाहेर काय होते, तेही पाहावे. पुष्कळ नामांकित पुस्तकांची खरी किंमत या दोन प्रश्नांनी कळून येते.

१७४० हे साल या कथानकाच्या इतिहासात विलक्षण म्हटले पाहिजे. त्या एका वर्षात फ्रान्समध्ये मादाम द व्हिलनव्ह या बाईंची सुंदरी आणि पशू यांची लांबलचक कथा प्रसिद्ध झाली, आणि वर्षाच्या अखेरीस लंडनमध्ये सॅम्युएल रिचर्ड्सन या मुद्रकाची ‘पामेला’ ही कादंबरी बाहेर पडली. दोघांना एकमेकांची वार्ताही नव्हती. फ्रेंच कथेचे जे रूप आज जगातल्या लहान मुलांना ठाऊक आहे, ते मादाम लप्रँस द बोमाँ यांनी १७५६ मध्ये केलेला संक्षेप आहे. या बाई त्या वेळी लंडनमध्ये राहून मुलींना शिकवीत असत, आणि विद्यार्थिनींसाठी लिहिलेल्या पुस्तकात त्यांनी ही गोष्ट घातली. संक्षेप करताना त्यांनी एक लहानसा बदल केला. मूळ कथेत पशू रोज रात्री सुंदरीला शय्येविषयी विचारतो. बोमाँबाईंच्या कथेत तो लग्नाविषयी विचारतो. लहान मुलींपुढे ठेवायच्या गोष्टीत हे स्वाभाविकच होते. परंतु कथेच्या मुळाशी काय आहे, हे व्हिलनव्हबाईंच्या स्पष्ट शब्दावरून अधिक लौकर कळते.

या कथेत बाप एक गुलाब तोडतो आणि त्याचे मोल म्हणून मुलीला जावे लागते. ती आपखुषीने जाते असे सांगितले आहे. पण ती गेली नाही तर बाप मरणार आहे, तेव्हा त्या खुषीत खुषी कितीशी? बापाच्या देण्यापायी मुलगी देण्याची चाल त्या काळच्या फ्रेंच घरांनाही परकी नव्हती. मात्र पुढे काय होते, ते पाहा. पशू तिला रोज विचारतो, ती रोज नाही म्हणते, आणि त्या नाहीमुळे तिच्या ताटातले अन्न किंवा अंगावरचे वस्त्र कमी होत नाही. एके दिवशी ती माहेरी जाण्याची परवानगी मागते. आपण परत न आल्यास तो मरेल, हे ठाऊक असूनही पशू तिला जाऊ देतो. माहेरी आता सुबत्ता आहे, बाप जिवंत आहे, तिने परत गेलेच पाहिजे असे म्हणणारे तेथे कोणी नाही. ती ठरल्यापेक्षा जास्त दिवस राहते. मग ती परत जाते आणि तेव्हाच होकार देते. त्या होकाराला जे वजन आहे, ते माहेरच्या त्या जास्तीच्या दिवसांनी आलेले आहे. परीकथा म्हणून आपण तिला हातावेगळी करतो. परंतु या बाबतीत तिने जे संभाळले, ते पुढच्या कित्येक गंभीर कादंबऱ्यांना संभाळता आले नाही.

‘पामेला’चीच गोष्ट घ्या. पंधरा वर्षांची दासी, तिच्यामागे लागलेला तरुण धनी, लिंकनशायरमधील आडबाजूच्या घरात तिला कोंडून ठेवणे, पहाऱ्यावर नेमलेली कर्कश बाई. अखेरीस धन्याला उपरती होते आणि तो तिला आईबापांकडे पाठवून देतो. ती वाटेत असतानाच त्याचे पत्र येते, आणि ती परत फिरते. दार येथेही उघडले आहे. पण बाहेर काय होते? आईबापांची गरिबी, आणि ज्याच्या एका शब्दाने त्यांचे उरलेसुरले जगणे कठीण व्हावे असा हा धनी. हेन्री फील्डिंगने पुढल्याच वर्षी ‘शमेला’ लिहून या सगळ्या प्रकरणाचे विडंबन केले आणि पामेलाला हिशेबी ठरविले. विडंबन खमंग आहे यात शंका नाही. तरी ते अन्यायाचे वाटते. जिच्याजवळ दुसरे काहीच नाही तिने हिशेब केला असे म्हणून हसणे सोपे असते.

रिचर्ड्सनला स्वतःला आपल्या त्या सुखान्ताविषयी काय वाटले असेल, हे त्याच्या पुढच्या कादंबरीवरून ताडता येते. १७४७ आणि १७४८ या दोन वर्षांत ‘क्लॅरिसा’चे सात भाग प्रसिद्ध झाले. इंग्रजी भाषेतील अत्यंत दीर्घ कादंबऱ्यांत तिची गणना होते, आणि ती सगळी पत्रांतून सांगितलेली आहे. आज ती वाचावयास बसणारा माणूस विरळा. पण ज्याने ती चिकाटीने वाचली, त्याला या विषयावर दुसरे फारसे वाचण्याची गरज राहत नाही.

क्लॅरिसा हार्लो ही सधन घरची मुलगी. आजोबांनी मृत्युपत्राने तिच्या नावे मालमत्ता ठेवलेली. ही मालमत्ताच तिच्या दुःखाचे मूळ ठरते. भावाच्या पोटात दुखू लागते, बहिणीला मत्सर वाटतो, आणि घरची जमीन वाढून घराण्याला प्रतिष्ठा यावी म्हणून सोम्स नावाच्या धनिक, ओबडधोबड माणसाशी तिचे लग्न ठरविले जाते. नावाचा खरा उच्चार सोल्म्स. आपल्या जिभेला तो थोडा अवघडच. या लग्नाला ती नकार देते. मला लग्नच नको, मालमत्ताही नको, मला नुसते राहू द्या, एवढेच तिचे मागणे असते. तेव्हा तिला तिच्या खोलीत कोंडतात, दासी बदलतात, लेखणी आणि कागद काढून घेतात. आई रडते, पण बाजू घेत नाही. हा भाग वाचताना आपण परदेशातील दोनअडीचशे वर्षांपूर्वीच्या घरात आहोत, हे विसरावयास होते. ‘एवढे ऐक, मग सगळे ठीक होईल’ म्हणणारी आई कोणत्या देशात नाही?

पुढे खरोखरीचे एक दार येते. बागेच्या मागच्या बाजूचे. लव्हलेस नावाचा देखणा, बुद्धिमान आणि अत्यंत दुष्ट तरुण त्या दाराबाहेर थांबलेला असतो. आपण येणार नाही, हे सांगण्यासाठी क्लॅरिसा तेथे जाते. एवढ्यात आतून आरडाओरडा ऐकू येतो, घरचे लोक धावून येत आहेत असा भास होतो, आणि त्या गोंधळात तो तिला घेऊन निघून जातो. तो आरडाओरडा त्यानेच पढवून ठेवलेल्या नोकराचा असतो. मुलीने स्वतःच्या पायांनी घर सोडले असे साऱ्या जगाला दिसावे, आणि प्रत्यक्षात तिला तसूभरही निवड नसावी, असा तो प्रसंग आहे. यानंतर बापाने तिला शाप दिला, माहेर संपले, आणि ती लंडनमधील एका घरात येऊन पडली. ते घर कसले, हे तिला फार उशिरा कळते. तेथे तिला गुंगीचे औषध पाजून लव्हलेस तिच्यावर बलात्कार करतो.

येथवर कथा भयंकर असली तरी अपूर्व नाही. अपूर्व आहे ते यापुढचे. लव्हलेस लग्नाला तयार होतो. त्याचे मोठ्या घराण्यातले नातलग तिला सून म्हणून घेण्यास उत्सुक होतात. तिची जिवलग मैत्रीण ॲना, जिने पहिल्यापासून तिचा पक्ष घेतला, तीही लिहिते की आता लग्न कर, दुसरा मार्ग नाही. त्या काळच्या समजुतीप्रमाणे झाल्या गोष्टीची भरपाई लग्नानेच होत असे. क्लॅरिसा नाही म्हणते. हाल सोसून, एकटी, कर्जापायी काही दिवस कोठडीत पडूनही ती नाही म्हणते. शेवटी ती स्वतःची शवपेटी आधीच करवून घेते आणि तीच मेज म्हणून वापरून तिच्यावर पत्रे लिहिते. हा तपशील काही वाचकांना ओंगळ वाटतो. मला मात्र असे वाटते, की ज्या मुलीला आयुष्यात कधी स्वतःची म्हणून खोली मिळाली नाही, तिला अखेर मिळालेली ही एकच हक्काची जागा होती.

या कादंबरीचे भाग क्रमाक्रमाने प्रसिद्ध होत असताना वाचकांनी रिचर्ड्सनला पत्रे पाठविली. लेडी ब्रॅडशे यांनी प्रथम टोपणनावाने लिहून विनवणी केली, की लव्हलेसला सुधारा, दोघांचे लग्न लावा, मुलीला मारू नका. ‘पामेला’च्या लेखकाला ते जड नव्हते. मार्ग त्याचाच होता, आणि त्यावर त्याला अमाप कीर्ती मिळाली होती. त्याने ऐकले नाही. पळवून नेणाऱ्यावर अखेरीस प्रेम जडते ही गोष्ट त्याने एकदा सांगितली होती. दुसऱ्यांदा त्याने ती सांगण्याचे नाकारले. त्या विनवणी करणाऱ्या बायकांना मी मात्र भोळसट म्हणणार नाही. त्या कोणत्या जगात राहत होत्या, ते त्यांना पुरेपूर ठाऊक होते. लग्न झालेले माणूस कसेही निघो, त्याच्याबरोबर आयुष्य काढावयाचे, हे त्या जगात ठरलेले. तेव्हा ते माणूस सुधारते अशी निदान एखादी गोष्ट असावी, एवढीच त्यांची मागणी होती.

माहेर तुटलेल्या आणि सासर नाकारणाऱ्या क्लॅरिसाची ही अवस्था वाचताना महाभारतातील अंबा आठवल्यावाचून राहत नाही. काशिराजाच्या तिन्ही मुलींना भीष्माने स्वयंवरातून बळाने उचलून आणले. स्मृतिकारांनी विवाहाचे जे आठ प्रकार सांगितले, त्यांत याला राक्षसविवाह असे नाव देऊन तो क्षत्रियांना चालतो असे ठरविलेलेच होते. अंबिका आणि अंबालिका यांना काय वाटले, ते कोणी विचारले नाही. अंबेने मात्र न विचारता सांगितले, की मी मनाने शाल्वाला वरले आहे. आणि भीष्माने तिला जाऊ दिले. दार उघडले! पण शाल्व म्हणाला, दुसऱ्याने जिंकून नेलेली स्त्री मला नको. ती परत आली, तर भीष्माची प्रतिज्ञा आड आली. आणि पित्याच्या घरी जाण्याची तिला सोय वाटली नाही. अडवून ठेवणाऱ्याने कडी काढली म्हणजे स्त्री मोकळी होते, असा आपला भाबडा समज असतो. व्यासांना त्या दाराबाहेरचे रान दिसत होते. त्या रानातूनच पुढे शिखंडी आला.

एकोणिसाव्या शतकातील कादंबऱ्यांवरून मी भराभर पुढे जातो. जेन ऑस्टिनच्या १८१३ सालच्या ‘प्राइड अँड प्रेज्युडिस’मध्ये एक कॉलिन्स नावाचे पाद्रीबुवा आहेत. एलिझाबेथ त्यांना स्वच्छ शब्दांत नकार देते, आणि ते संतुष्ट मुद्रेने समजतात, की कुलीन मुली पहिल्या खेपेस नाही म्हणतातच. आपल्या शृंगारशास्त्रातही मानिनीच्या नाहीचा अर्थ होय असा लावण्याची परंपरा मोठी आहे, म्हणून हे प्रकरण वाचताना आपल्याला थोडे जपून हसावे लागते. डार्सीलाही ती एकदा नकार देते. फरक इतकाच, की डार्सी नाहीचा अर्थ नाही असाच घेतो, एक पत्र तिच्या हाती देतो आणि निघून जातो. पुढचे सारे प्रेम त्या निघून जाण्यातून उगवले आहे.

आता एका अशा पुस्तकाकडे वळतो, की ज्याने विसाव्या शतकातील या जातीच्या शेकडो पुस्तकांचा साचा पाडला. ‘द शेख’ ही ई. एम. हल यांची कादंबरी १९१९ साली प्रसिद्ध झाली. लेखिका इंग्लंडमधील डर्बीशायरमध्ये राहणारी गृहिणी. पहिल्या महायुद्धात नवरा दूर असताना तिने ही लिहिली. स्वातंत्र्याची बढाई मारणारी, लग्नाला तुच्छ लेखणारी डायना नावाची इंग्रज मुलगी अल्जीरियाच्या वाळवंटात सफरीला निघते आणि अहमद बेन हसन नावाचा शेख तिला पळवून नेतो, तंबूत ठेवतो, तिच्यावर जबरदस्ती करतो. पुस्तक तडाखेबंद खपले. १९२१ साली त्यावर मूकपट निघाला आणि रुडॉल्फ व्हॅलेंटिनो हा नट त्यामुळे जगप्रसिद्ध झाला. चित्रपट काढणाऱ्यांनी ती जबरदस्ती गाळली, ही गोष्ट बोलकी आहे. जे डोळ्यांपुढे दिसले असते तर प्रेक्षकांना नायकाचा वीट आला असता, ते छापील पानावर चालून गेले होते.

या कादंबरीला आपले दोन प्रश्न विचारून पाहू. डायना एकदा संधी साधून घोड्यावरून पळते. शेख पाठलाग करतो, तिचा घोडा गोळी घालून पाडतो आणि तिला आपल्या घोड्यावर पुढ्यात घालून परत आणतो. आणि नेमक्या त्याच वाटेवर तिला उमगते, की आपले याच्यावर प्रेम आहे! पळण्याचा शेवटचा मार्ग बंद झाला, त्याच क्षणी प्रेमाचा उदय झाला. बाई लिहिताना हे जाणून होत्या की नाही कोण जाणे. पण मनुष्यस्वभावाचे एक कटू सत्य त्यांच्या लेखणीतून निसटून गेले आहे. जेथून सुटका नाही तेथे मन स्वतःला समजावण्यासाठी कारण शोधू लागते. शेवटी शेखाला पश्चात्ताप होऊन तो तिला परत पाठवू म्हणतो, तेव्हा ती पिस्तूल उचलते, आणि तो तिचा हात बाजूला करतो म्हणून ती वाचते. दार उघडते ते तिला हाकलण्यासाठी, आणि बाहेर मरणाखेरीज काही शिल्लक नाही. भरीला शेवटी असेही निघते, की शेख मुळात अरब नसून एका इंग्रज उमरावाचा मुलगा आहे. त्या काळच्या इंग्रज वाचकाला बलात्कार सोसवला, पण जावई अरब असलेला सोसवला नसता, असा याचा सरळ अर्थ होतो.

असे असूनही बायका हे का वाचीत होत्या? अमेरिकेत जॅनिस रॅडवे या विदुषींनी एका लहान शहरातील प्रणयकथांच्या वाचक स्त्रियांशी दीर्घ बोलणी करून १९८४ साली एक ग्रंथ प्रसिद्ध केला. त्याच्याआधी बाराएक वर्षे अमेरिकेत बलात्काराने आरंभ होणाऱ्या प्रणयकादंबऱ्यांची लाट आली होती, त्यामुळे असा शोध घेणे अगत्याचेच होते. या वाचकांना क्रौर्य आवडत असेल, अशी कोणाचीही कल्पना झाली असती. त्या स्त्रियांनी निराळेच सांगितले. क्रूर नायक त्यांना मुळीच नको होते. असली पुस्तके त्या टाकून देत. त्यांना आवडे ते नायकाचे मऊ होणे, कोणी तरी आपल्याकडे नीट लक्ष देणे, आणि वाचीत असताना घरातल्यांनी अर्धा तास हाक न मारणे. या शेवटच्या कारणाची विद्वानांनी थोडी अधिक दखल घ्यावयास हवी होती.

अनिच्छेचे लग्न सभ्यपणे हाताळणाऱ्या लेखिकाही झाल्या. जॉर्जेट हेअर यांची ‘अ सिव्हिल काँट्रॅक्ट’ ही १९६१ सालची कादंबरी मला या सर्वांत प्रौढ वाटते. तेथे नाखूष आहे तो नवरा. बापाचे कर्ज फेडण्यासाठी तो एका श्रीमंत व्यापाऱ्याच्या साध्यासुध्या मुलीशी लग्न करतो. त्याचे मन दुसरीकडे गुंतलेले, आणि हे त्या मुलीला, जेनीला, पहिल्या दिवसापासून ठाऊक. वर्षभराच्या संसाराने जे उपजते ते उत्कट प्रेम नव्हे. सवयीची, विश्वासाची, एकमेकांच्या आवडीनिवडी ठाऊक असण्याची माया ती. हेअरबाईंच्या कित्येक चाहत्यांना हा शेवट फिका वाटत आला आहे. मला तो खरा वाटतो.

या फिक्या मायेची ओळख आपल्याकडे सर्वांत चांगली कोणाला असेल तर ती शरच्चंद्रांना. मामा वरेरकरांच्या अनुवादांमुळे ते मराठी घराघरांत पोहोचले, म्हणून त्यांच्या ‘स्वामी’ची कथा पुष्कळांना ठाऊक असेल. सौदामिनीचे मन नरेंद्रकडे. लग्न लागते विधुर, भाविक, अबोल घनश्यामशी. घनश्याम तिच्यावर हक्क गाजवीत नाही. तिचे मन प्रथम वळते ते कोठल्याही शृंगाराच्या प्रसंगाने नव्हे. सावत्र आईच्या त्या घरात कमावणारा हाच, पण त्याच्या जेवणाखाण्याची पर्वा कोणालाच नाही, हे तिच्या ध्यानात येते आणि तिचा संताप होतो. एखाद्याच्या वतीने राग येऊ लागला, की परकेपणा संपत आला. शरद्बाबूंनी हे इतके सहज टिपले आहे, की तेवढ्या भागासाठी ते पुस्तक पुन्हा वाचावे. शेवट मात्र मला पटत नाही. ती घर सोडून जाते, पस्तावते, आणि नवरा एका शब्दाने दोष न देता तिला क्षमा करतो. क्षमा थोर आहे. तथापि जिला न विचारता बोहल्यावर उभे केले, तिची क्षमा कोणी मागावयास हवी होती की नाही, हा प्रश्न त्या थोरपणाखाली दबून जातो.

मराठी रंगभूमीने हा प्रश्न अधिक रोखठोकपणे विचारला होता. देवलांचे ‘संगीत शारदा’ १८९९ साली इंदुरास प्रथम रंगभूमीवर आले. पैशाच्या लोभाने बाप पोटच्या पोरीला म्हाताऱ्या भुजंगनाथाला देतो. येथे नायिकेच्या मनात नवऱ्याविषयी प्रीती उपजेल, असे कोणा नाटककाराला सुचलेही नसते. तो ढोंगीपणा देवलांनी केला नाही. पण शारदा सुटते कशी? वधूवर सगोत्र आहेत असे उघडकीस येते म्हणून. मुलीची इच्छा नाही, एवढे कारण लग्न मोडण्यास पुरत नव्हते. गोत्राचे कारण पुरले. देवलांवर टीका म्हणून मी हे सांगत नाही. त्यांच्या प्रेक्षकांना पटेल असे दार त्यांना शोधावयाचे होते, आणि शास्त्राच्या भिंतीत तेवढेच एक सापडले. जाता जाता सांगतो, की बालविवाहाला आळा घालणारा १९२९ सालचा शारदा कायदा या नाटकावरून नाव पडलेला आहे असे पुष्कळ जण समजतात. तो अजमेरचे हरबिलास सारडा यांच्या नावावरून ओळखला जातो.

देवलांच्या नाटकापूर्वी दहा-बारा वर्षे मुंबईच्या न्यायालयात हेच कथानक खऱ्या माणसांनिशी उभे राहिले होते. रखमाबाईचे लग्न अकराव्या वर्षी दादाजी भिकाजीशी लागले. ती आईजवळ आणि सावत्र वडील डॉक्टर सखाराम अर्जुन यांच्याजवळच वाढली, शिकली. १८८४ साली दादाजीने तिला आपल्या घरी आणून द्यावे म्हणून दावा लावला. १८८५ मध्ये न्यायमूर्ती पिन्ही यांनी तो फेटाळला. अपिलात तो निर्णय फिरला आणि १८८७ च्या मार्चमध्ये न्यायमूर्ती फॅरन यांनी आज्ञा केली, की तिने नवऱ्याकडे जावे, नाही तर सहा महिने तुरुंगात जावे. तुरुंग पत्करीन, असे ती म्हणाली. अजाण वयात माझ्या संमतीवाचून झालेले लग्न मला बंधनकारक नाही, एवढे तिचे म्हणणे होते. केवढे वादळ उठले! टिळकांसारखा प्रखर बुद्धीचा पुरुषही तिच्या विरुद्ध पक्षात उभा राहिला. तू जा, नांदू लाग, प्रेम मागून येईल, हा सल्ला तिला किती जणांनी दिला असेल याची मोजदाद कोण करणार? कादंबऱ्यांनी तोच दिला असता. शेवटी १८८८ साली दोन हजार रुपये घेऊन दादाजीने दावा सोडला. पुढल्या वर्षी ती वैद्यकशास्त्र शिकण्यास इंग्लंडला गेली, डॉक्टर होऊन आली, आणि सुरत, राजकोट येथे तिने आयुष्यभर रुग्णसेवा केली. १९५५ साली ती वारली.

ज्या दाव्याने तिला गाठले, तो दाव्याचा प्रकार मूळचा इंग्रजांच्या धर्मपीठांतला. १९५५ च्या हिंदू विवाह कायद्यात नवव्या कलमाने तो दोन्ही पक्षांसाठी राहिला. १९८३ मध्ये आंध्र प्रदेश उच्च न्यायालयाने हैदराबादेत ते कलम घटनाबाह्य ठरविले होते. पुढल्या वर्षी सर्वोच्च न्यायालयाने ते वैध ठरविले.

रखमाबाईच्या चरित्रात एक गोष्ट अशी आहे, की ती या विषयावर बोलताना गाळणे मला प्रामाणिकपणाचे वाटत नाही. १९०४ साली दादाजी वारला. ज्याच्या घराची पायरी चढण्यापेक्षा तुरुंग बरा असे तिने भर न्यायालयात सांगितले होते, त्याच्या मृत्यूनंतर तिने विधवेचे पांढरे वस्त्र धारण केले, असे सांगतात. कादंबरीकाराला एवढे पुरले असते. त्याने लगेच लिहिले असते, की तिचे प्रेम आतल्या आत होतेच. परंतु त्या वेळी ती चाळिशीची, स्वतःच्या मिळकतीवर जगणारी, एका परगावच्या इस्पितळातील मोठी डॉक्टरीण होती. तिच्या दारावर ना सासरचा पहारा होता, ना न्यायालयाचा हुकूम. पांढरे नेसावे की न नेसावे, हे तिला कोणी विचारले नव्हते आणि सांगितलेही नव्हते.